चोरकडा

या बाकापासून पुढे जाऊ नका. बसा इथेच, इथूनही सगळं दिसतं. समोर माळ संपतो तिथे जमिनीचा मोठा घास कुणी तोडून नेल्यासारखी खोबण दिसते ना, तिला आम्ही वाघेरीची माणसं चोरकडा म्हणतो. नकाशात दुसरं नाव आहे, कुणा इंग्रज साहेबाचं. ते कुणी घेत नाही. पाहुणे येतात, लांबून वाकून बघतात आणि विचारतात, इथून एखाद्या चोराचा कडेलोट केला होता का? तसं काही नाही. चोर होता हे खरं. पण त्याने चोरी केली ती भर दुपारी, अख्ख्या गावासमोर, आणि चोरून नेलेली वस्तू त्याला नको होती.

मी इथल्या भैरोबाचा गुरव. मागे देऊळ दिसतं तेच. माझ्या आधी वडील पूजा करायचे, आणि ती गोष्ट घडली तेव्हा ते देवळाच्या पायरीवर बसलेले होते. मी तेव्हा जन्मलोही नव्हतो. काही वडिलांनी सांगितलं, काही त्या दिवशी धावलेल्या माणसांनी. जसं कानावर आलं तसं तुमच्यापुढे ठेवतो.

हा हिरवा माळ गोल्फचा. साहेबाच्या काळापासून आहे. अठरा ठिकाणी जमिनीत वाटीएवढी भोकं, त्यांना होल म्हणतात. प्रत्येक होलाभोवती गालिच्यासारखी बारीक कापलेली हिरवळ. लांबून चेंडू मारत आणायचा, हिरवळीवर आला की पटर नावाच्या काठीने हलकेच ढकलून होलात घालायचा. कमीत कमी फटक्यांत घालेल तो जिंकला. एवढं कळलं की पुरे.

मुंबईचे जाल कासद म्हणून एक पारशी गृहस्थ होते. दर वर्षी दिवाळीनंतर ते इथे हवा पालटायला यायचे. गोल्फचं वेड फार, हात मात्र यथातथाच होता म्हणे. त्या काळी मोठ्या स्पर्धा असायच्या त्या हौशी, पैसेवाल्या लोकांच्या. ज्यांचं पोटच या खेळावर, त्या व्यावसायिकांसाठी स्पर्धा थोड्या, आणि त्यांतही जुनी, मुरलेली माणसंच पुढे असायची. विशी-बाविशीतले खेळाडू दिवसभर दुसऱ्यांना शिकवायचे आणि संध्याकाळी उजेड असेतो आपला हात चालवायचे. कासद शेठना ते बघवेना. 'या पोरांची चांगली वर्षं दुसऱ्यांचे चेंडू बघण्यात चाललीत,' ते म्हणाले, असं सांगतात. 'एक स्पर्धा फक्त त्यांची असू दे.' त्यांनी चांदीचा कप करवून आणला आणि जाहीर केलं की पंचविशीच्या आतल्या व्यावसायिकांनीच यायचं. जो जिंकेल त्याला ते स्वतः सिंगापूरच्या स्पर्धेला पाठवणार होते. त्या काळात सिंगापूर म्हणजे काय, ते तुम्हीच समजा.

कुठून कुठून खेळाडू आले. दिल्लीचे आले, कलकत्त्याचे आले. पण आपल्याला त्यांतले दोघेच लक्षात ठेवायचे आहेत.

एक आमच्या वाघेरीचा, दौलत कारंडे. बाप घोडेवाला, पाहुण्यांना घोड्यावरून फिरवायचा. तो लवकर गेला. आई हौसाबाईने घोडीही सांभाळली आणि मुलालाही. दौलत खेळायला उभा राहिला की माणसं हातातलं काम टाकून बघायची. पण डोकं भलतं गरम. फटका चुकला की काठी फेकणार, पंचाशी भांडणार, आणि राग उतरला की घरोघर जाऊन माफी मागणार. गावाला त्याचं कौतुक होतं आणि वैतागही होता.

दुसरा बेळगावचा आंतोन लोबो. मोजकं बोलणारा, शांत. दोघांची ओळख पुण्याच्या एका स्पर्धेत झाली आणि ती इतकी वाढली की वाघेरीला आला तेव्हा आंतोन थेट कारंड्यांच्याच घरी उतरला. हौसाबाईला मावशी म्हणायचा. सकाळी ती दोघांना एकाच ताटात भाकरी वाढायची, आणि ते दोघे खेळाच्या गप्पांत इतके रंगायचे की कुणी किती खाल्लं ते त्यांनाच कळायचं नाही.

स्पर्धेचे मुख्य पंच होते मेजर इनामदार. सैन्यातून निवृत्त झालेले, ताठ, नियमाला पक्के. माणूस वाईट नव्हता. त्यांच्याबद्दल वाकडं बोललेलं मी कुणाच्या तोंडून ऐकलेलं नाही, दौलतच्या तर नाहीच.

त्या वर्षी पाऊस जायचं नाव घेत नव्हता. दसरा झाला, दिवाळी झाली, तरी दुपारी आभाळ भरून यायचंच. जांभ्या दगडाचा हा माळ, स्पंजासारखा. पाणी पीत राहिला. वरून दिसायला सगळं हिरवंगार, छान.

शेवटचा, म्हणजे अठरावा होल तेव्हा अगदी कड्याच्या टोकाला होता. आता जिथे नुसती हवा आहे, तिथे. मागे दरी, पलीकडे डोंगरांच्या रांगा, खाली नदी. त्या हिरवळीचा उतार दरीच्या अंगाला होता. चेंडू कुठूनही ढकला, तो दरीकडे ओढ घ्यायचा. इथल्या खेळाडूंना ते पाठ होतं. दौलत तर त्या हिरवळीवर लहानाचा मोठा झालेला.

शेवटच्या दिवसाच्या आदल्या दिवशी दौलत तिथे आला तेव्हा तो सगळ्यांच्या पुढे होता. सोपा फटका होता. दरीची ओढ धरून त्याने चेंडू जरा माळाच्या अंगाने ढकलला. चेंडू दरीकडे वळलाच नाही. उलट माळाकडे सरकला आणि होलाला वळसा घालून निघून गेला. दौलत बघत राहिला. मग त्याने पटर गरगर फिरवून दरीत भिरकावला.

"ही हिरवळ कुणीतरी फिरवलीय," तो ओरडला. "कालची नाही ही."

माणसं हसली. हिरवळ काय फिरवणार? मेजर पुढे आले आणि सगळ्यांसमोर म्हणाले, "कारंडे, चुकलं की जमिनीला नावं ठेवायची हे इथे चालणार नाही. उद्या असं काही केलंत तर स्पर्धेतून बाहेर काढीन." दौलत त्यांनाही उलट बोलला. काय बोलला ते वडिलांनी मला कधी सांगितलं नाही. बोलू नये असं काहीतरी असणार.

संध्याकाळी राग उतरला तेव्हा तो घरी मान खाली घालून बसला. आंतोनने आपल्या पिशवीतला जुना पटर काढून त्याच्यासमोर ठेवला.

"उद्या काय हाताने खेळणार? हा घे."

"उद्या तुलाच हरवायचंय मला," दौलत म्हणाला.

"मग चांगला पुसून घे," आंतोन म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सगळं गाव लोटलं. अठराव्या होलाच्या तीन बाजूंना खुर्च्या, बाकडी, सतरंज्या. ज्यांना जागा मिळाली नाही ते दरीला पाठ करून काठाशी उभे. मधल्या रांगेपुढे टेबल, टेबलावर लाल कापड, त्यावर कप, आणि शेजारी वेताच्या खुर्चीत कासद शेठ. त्यांचे गुडघे गेलेले होते. गाडीतून उतरवायला दोन माणसं लागायची. हौसाबाई मात्र तिथे नव्हती. मुलाचा खेळ बघताना तिच्या छातीत धडधडायचं, म्हणून ती भैरोबाच्या देवळात तेल घालायला आली होती आणि पायरीवर वडिलांशी काहीबाही बोलत बसली होती.

दौलत आणि आंतोन शेवटच्या होलावर आले तेव्हा बरोबरीत होते. जो कमी फटक्यांत घालेल त्याचा कप. दोघांचेही चेंडू हिरवळीवर येऊन थांबले. आंतोनचा चेंडू होलापासून जास्त लांब, म्हणून पहिला फटका त्याचा. तो वाकला. एवढी माणसं, पण वाऱ्याचासुद्धा आवाज नव्हता.

आणि दौलतचा चेंडू हलला.

कुणी हात लावला नव्हता. वारा पडलेला होता. थांबलेला चेंडू आपोआप निघाला, दरीकडे पाठ करून, माळाच्या दिशेने, अगदी सावकाश, आणि होलापासून वीतभर अंतरावर जाऊन उभा राहिला. आता लहान मुलानेसुद्धा आत ढकलला असता. क्षणभर कुणाला काही कळलं नाही. मग बायकांतून कुणीतरी म्हणालं, "भैरोबा पावला." त्यासरशी टाळ्या सुरू झाल्या. माणसं उभी राहिली, देवळाकडे वळून हात जोडू लागली. मेजरांनी हात वर करून सगळ्यांना गप्प केलं. आपोआप हललेला चेंडू जिथे थांबेल तिथूनच खेळायचा, असा तेव्हा नियम होता. तो त्यांनी सांगितला.

गावच्या मुलाला देवाने हाताला धरून जिंकवलं, असंच सगळ्यांना वाटलं. फक्त दौलतला नाही. त्याचं तोंड राखेसारखं झालं होतं, असं सांगतात. तो गुडघ्यांवर बसला आणि त्याने गवतावर तळवा टेकला. काल चेंडू चुकला तो हात चुकल्यामुळे नव्हे, हे त्याला तेव्हा कळलं. काल तो रागाच्या भरात जे बोलला होता ते खरं होतं. उतार उलटा झाला होता. काठावरची सगळी जमीन माळापासून तुटली होती आणि खाली बसता बसता माळाकडे कलली होती, हे पुढे मोठ्या इंजिनिअरांनी समजावून सांगितलं. दौलतला त्या वेळी एवढं काही कळलं नसेल. आपण सगळे ज्यावर उभे आहोत ते हलतंय, एवढंच त्याला कळलं.

तो उठून मेजरांकडे गेला.

"साहेब, माणसं उठवा. जागा हलतेय."

"काल हिरवळ फिरली होती. आज जागा हलतेय," मेजर म्हणाले. "लोबोंचा फटका झाला की तुमचा. तोवर बाजूला उभे राहा."

"साहेब, काल माझं चुकलं. मला हवी ती शिक्षा करा. बाहेर काढा. पण आधी माणसं उठवा."

खुर्च्यांवरून कुणीतरी म्हणालं, झालं याचं पुन्हा सुरू. हशा पिकला. दौलत वळला आणि ओरडायला लागला, उठा, मागे व्हा, माळावर चला. एकही माणूस उठला नाही. का उठावं? काल याच माणसाने याच जागेवर हाच तमाशा केला होता.

आंतोन वाकलेला सरळ झाला. "दौलत, मला खेळू दे."

"आंतोन, तू तरी ऐक. चेंडू बघ कुठून कुठे गेला."

"तुझ्या बाजूने गेला. आणखी काय पाहिजे तुला?" आंतोनचा आवाज असा कुणी कधी ऐकला नव्हता. आपला मित्र ऐन वेळी आपलं चित्त उडवायला बघतोय, असंच त्याला वाटलं. "खेळू दे मला."

टेबलावरच्या पाण्याच्या ग्लासांची किणकिण झाली, असं काही जण सांगतात. काही म्हणतात तसं काही झालं नाही. दौलतने मात्र टेबलाकडे बघितलं हे नक्की. मग तो सरळ चालत गेला, कासद शेठच्या डोळ्यांसमोर त्याने कप उचलला आणि काखेत मारला.

"हा माझा," तो म्हणाला. "कुणात दम असेल त्याने घेऊन दाखवा."

आणि पळाला.

आधी कुणाला खरंच वाटेना. वडील म्हणायचे, देवळाच्या पायरीवरून आम्हाला नुसता एक माणूस माळावरून धावत येताना दिसला, त्याच्या काखेत काहीतरी चमकत होतं, आणि मागे सगळं शांत. मग एकदम खुर्च्या पडल्याचा आवाज आला. चोर, चोर, धरा, अशी एकच ओरड उठली. उभे होते ते धावले, बसलेले धावले. बायका लेकरं कडेवर घेऊन धावल्या. पाहुणेही धावले, ज्यांना मराठीचं अक्षर येत नव्हतं ते दिल्ली-कलकत्त्याचे खेळाडू धावले. आणि कासद शेठ, ज्यांना गाडीतून उतरायला दोन माणसं लागत, ते हातातली काठी उगारत, पारशी शिव्या देत सगळ्यांबरोबर पळत सुटले, असं सांगतात. आपल्या हाताने उभी केलेली पहिलीच स्पर्धा, आणि तिचा हा शेवट. त्यांना रडू फुटलं होतं म्हणे.

मेजर इनामदार तेवढे जागचे हलले नाहीत. हिरवळीवर दोन चेंडू होते, डाव संपलेला नव्हता, आणि धावणाऱ्या माणसांचा पाय चेंडूंना लागला तर सगळंच बिघडणार होतं. ते हात आडवा धरून चेंडूंपाशी उभे राहिले. "लोबो, तुमचा फटका बाकी आहे," त्यांनी हाक मारली. पण आंतोन सगळ्यांच्या पुढे गेला होता. हातातला पटर टाकायचंही त्याला सुचलं नव्हतं.

दौलत पायाला चपळ. तो सापडला नसता. देवळाला वळसा घालून गावात शिरला असता. पण देवळापुढच्या फरसबंद वाटेवर हौसाबाई दोन्ही हात पसरून उभी राहिली. तिने 'चोर' एवढंच ऐकलं होतं आणि आपल्या मुलाच्या काखेत दुसऱ्याची वस्तू बघितली होती.

"दौलत, ठेव ते खाली."

"आई, बाजूला हो."

"ठेव म्हणते ना."

तो थांबला. आईला ढकलून जाणं त्याच्याने झालं नाही. तो थांबला, आणि मागून आंतोनने पटर उगारून त्याच्या उजव्या मनगटावर हाणला. हाड मोडल्याचा आवाज आपण पायरीवर ऐकला, असं वडील सांगायचे, आणि सांगताना दर वेळी आपलं मनगट चोळायचे. कप फरशीवर पडला. आंतोनने दुसऱ्यांदा हात उचलला. दौलतने तो चुकवला नाही, अंग चोरलं नाही. तो आंतोनकडे बघतच नव्हता. त्याच्या खांद्यावरून मागे बघत होता. मागून माणसं येत होती, धापा टाकत, शिव्या देत.

"सगळे आले का?" त्याने विचारलं.

आंतोनचा हात वरच राहिला.

मग तो आवाज आला. मेघ गडगडल्यासारखा नव्हता. पोत्यातून धान्य ओतावं तसा सळसळता, पण थांबेचना. पायाखालची फरशी थरथरली. सगळ्यांनी मागे वळून पाहिलं. जिथे खुर्च्या होत्या, सतरंज्या होत्या, निशाण होतं, तिथे आभाळ होतं. दरीतून तांबडा धुरळा वर चढत होता.

त्यानंतर काय झालं असं मी लहानपणी वडिलांना विचारायचो. ते म्हणायचे, काहीच झालं नाही. आया लेकरांना चाचपत होत्या. शिव्या देत आलेल्या एका दुकानदाराने हातातला दगड हळूच खाली ठेवला, जणू तो फुटेल. कासद शेठ नुसत्या काठीच्या आधाराने उभे होते, आणि त्यांना धरावं हेसुद्धा कुणाला सुचलं नाही. आंतोनच्या हातून पटर गळून पडला.

"मेजर कुठे आहेत?" शेठनी विचारलं.

सगळ्यांत मागे राहिलेल्या एका बाईने धावता धावता वळून पाहिलं होतं. ती म्हणाली, ते तिथेच उभे होते, ताठ, हात आडवा धरून. मग नव्हते.

दौलत वाटेवर खाली बसला. मनगट लोंबत होतं, पण त्याला दुखत असावं असं वाटत नव्हतं. तो एवढंच म्हणाला, "काल मी पटर फेकला नसता, तर आज त्यांनी माझं ऐकलं असतं." पुढे आयुष्यभर तो हे म्हणत राहिला. मी स्वतः त्याच्या तोंडून ऐकलंय. अडीचशे माणसं वाचली असं कुणी त्याच्यासमोर बोललं की तो उठून जायचा.

हौसाबाई त्याच्यापाशी आली. आपल्या हात पसरण्यामुळे तो थांबला, आणि थांबला म्हणून हात मोडला, हे तिला कळलेलं होतं. तिने पदराची पट्टी फाडली आणि मनगट बांधायला घेतलं. तिचे हात इतके कापत होते की गाठ बसेना. आंतोन देवळाच्या भिंतीशी तोंड फिरवून उभा होता. त्याच्या जवळ जायला कुणी धजत नव्हतं.

"आंतोन," तिने हाक मारली. "इकडे ये. हे धर दोन्ही हातांनी. मला एकटीला गाठ बसत नाही."

तो आला. गुडघे टेकून त्याने ते मनगट दोन्ही हातांत धरलं, आणि गाठ बसेपर्यंत धरून राहिला. गाठ बसल्यावरही त्याने सोडलं नाही, असं सांगतात.

मेजर इनामदारांचा देह दरीत पुढे खूप दिवसांनी सापडला. त्यांच्या तिरडीला पहिला खांदा दौलतने दिला, डावा. त्याचं उजवं मनगट वाकडंच जुळलं, पुन्हा काठी नीट धरता आली नाही. सिंगापूरला त्या वर्षी कुणीच गेलं नाही. शेठनी आंतोनला विचारलं होतं, पण तो नुसता मान हलवून बेळगावला निघून गेला. कपावर पहिल्या वर्षापुढे कुणाचं नाव घालायचं यावर क्लबात खल चालला, तेव्हा दौलत स्वतः जाऊन म्हणाला, मेजरसाहेबांचं घाला, शेवटपर्यंत खेळात तेच होते. क्लबाने ते ऐकलं. चषकावर पहिलं नाव खेळाडूचं नाही, पंचाचं आहे.

तुटलेल्या कड्याला दौलतकडा म्हणावं असं गावाच्या मनात होतं. बैठक भरली, पाटी रंगवायचंही ठरलं. दौलतनेच मोडता घातला. "माझं नाव दिलंत तर माणसं बघायला काठाशी येतील," तो म्हणाला. "चोराचं नाव द्या. लांब राहतील."

क्लबातल्या पुष्कळ लोकांना स्पर्धा बंद करायची होती. एका माणसाचा जीव गेला, कशाला पुन्हा? कासद शेठ अडून बसले. पुढल्या वर्षी, पाऊस पूर्ण सरल्यावर, शेवटचा होल माळाच्या मधोमध घेऊन स्पर्धा भरली. आंतोन येईल असं कुणाला वाटलं नव्हतं. तो आला. या वेळी कारंड्यांच्या घरी न उतरता धर्मशाळेत उतरला. दौलत आणि तो समोरासमोर आले की दोघेही बाजूला बघायचे, असं सांगतात. आंतोन त्या वर्षी कुणाशी न बोलता खेळला आणि जिंकला.

कप टेबलावर होता. शेठनी त्याला पुढे बोलावलं. आंतोन टेबलापाशी गेला, पण त्याने कपाला हात लावला नाही. गर्दीत मागे दौलत उभा होता, त्याच्याकडे वळून आंतोन म्हणाला, "दौलत, घे आणि पळ."

"कशाला आता?"

"पळ म्हणतो ना."

दौलतने क्षणभर त्याच्याकडे बघितलं. मग पुढे होऊन त्याने डाव्या हाताने कप उचलला आणि देवळाकडे धावत सुटला. आंतोन मागे. माणसं गोंधळली, एकमेकांकडे बघू लागली. मग कुणीतरी चाचरत म्हणालं, चोर. आणखी कुणी म्हणालं. आणि सगळा जमाव ओरडत त्यांच्यामागे निघाला. पण वर्षापूर्वी जसे धावले होते तसे नाही. कित्येक जण धावता धावता रडत होते. देवळापुढे आंतोनने त्याला गाठलं. हातातला पटर त्याने फरशीवर ठेवला, खाली वाकला, आणि ते वाकडं जुळलेलं मनगट दोन्ही हातांत धरलं. जमाव येऊन पोचला आणि भोवती उभा राहिला. त्या दिवशी रात्रीचं जेवण आंतोन मावशीकडे जेवला.

तेव्हापासूनची ही रीत. आता त्यांतलं कुणीच राहिलेलं नाही. कासद शेठ गेले, हौसाबाई गेली, आंतोन बेळगावात वारला, दौलतला जाऊनही पुष्कळ वर्षं झाली. स्पर्धा मात्र दर वर्षी भरते. आजही पंचविशीच्या आतलेच खेळाडू येतात, कुठल्या कुठल्या राज्यांतून. आजही कप कुणी कुणाला देत नाही. जिंकणारा तो उचलून पळतो आणि सगळं गाव चोर म्हणत त्याच्यामागे धावतं. तुमच्यासारखे पाहुणे पहिल्यांदा बघतात तेव्हा दचकतात. एकाने तर पोलिसांना फोन लावला होता.

देवळापुढे जो हरून दुसरा आलेला असतो तो त्याला गाठतो, काठी खाली ठेवतो आणि त्याचं उजवं मनगट दोन्ही हातांत धरतो. किती वेळ धरायचं ते ठरलेलं नाही. मागच्या वर्षी चंदीगडचा मुलगा एका फटक्याने हरला होता. त्याने मनगट धरलं ते सोडेचना. जिंकलेला मुलगा दुसऱ्या हातात कप घेऊन तसाच उभा राहिला. माणसं भोवती उभी होती. कुणी घाई केली नाही.